कात्री आणि कहाणी : लॉटे रायनिगर

आपल्या मंडळाच्या वर्धापनदिनाच्या स्मरणिकेसाठी मी काही लिहावे असा कार्यवाहबाईंचा निरोप आला, तेव्हा मी प्रथम नकारच कळवला होता. लेखन हा काही माझा प्रांत नव्हे. मंडळात माझी ओळख आहे ती रविवारी दुपारी मुलांचा कातरकामाचा वर्ग घेणारी बाई एवढीच. परंतु गेल्या वार्षिक सभेतील एक गोष्ट मनाला लागून राहिली होती. हा वर्ग आता बंद करावा, अशी सूचना त्या सभेत आली. मुले जेमतेम आठ-दहा येतात, पताका आणि मखरे बाजारात तयार मिळतात, मग कागद कापून कोणाचे काय कल्याण व्हायचे आहे, असे विचारले गेले. विचारणाऱ्या भगिनींच्या मनात वाईट काहीच नव्हते. जमाखर्च पाहूनच त्या बोलत होत्या. मला मात्र तेव्हा उत्तर सुचले नाही. विषय पुढच्या सभेवर गेला आणि मी कात्र्यांचा डबा घेऊन घरी आले.

उत्तर मिळाले ते ध्यानीमनी नसताना. मे महिन्याच्या सुटीत नात राहायला आली होती. आजीचे कातरकामाचे वेड तिला ठाऊक. एके दुपारी तिने मला शेजारी बसवून आपल्या संगणकावर एक छोटासा जुना मूकपट दाखवला. सिंड्रेलाची गोष्ट, १९२२ साली जर्मनीत तयार केलेली. पडद्यावर प्रथम दिसली ती एक कात्री. त्या कात्रीने पाहता पाहता काळ्या कागदातून एक मुलगी कापून काढली आणि ती मुलगी चक्क कामाला लागली! पुढची सारी कथा अशा काळ्या आकृत्यांनीच घडत गेली. चेहऱ्यावर हावभाव नाहीत, रंग नाही, आवाज नाही. तरी कोण दुःखी आहे आणि कोण तोऱ्यात आहे हे नुसत्या मानेवरून आणि मनगटावरून कळत होते. शेवटी सिंड्रेलाचे भाग्य उजळलेले पाहून सावत्र आईचा असा काही जळफळाट होतो, की ती उभीच्या उभी फाटून तिचे दोन तुकडे होतात. आम्ही आजी-नात पोट धरून हसलो. कागदाचीच बाई ती. रागाने फाटायला तिला कितीसा वेळ!

ती कात्री चालवणाऱ्या बाईंचे नाव लॉटे रायनिगर. त्यानंतरचे दोन-तीन महिने मी त्यांच्याविषयी मिळेल ते वाचले, नातीकडून वाचून घेतले, आणि त्यांचे आणखी कितीतरी छोटे चित्रपट पाहिले. त्यांचीच जीवनकथा मला जमेल तशी येथे सांगते.

लॉटेबाईंचा जन्म २ जून १८९९ रोजी बर्लिनला लागून असलेल्या शार्लोटेनबुर्ग गावी झाला. काळ्या कागदातून माणसांच्या, पानाफुलांच्या आकृती कापण्याची हौस त्या काळी युरोपात घरोघर होती. मुलींच्या हातात कात्री असणे यात नवल असे काही नव्हते. आपल्याकडे जशा मुली रांगोळीची बोटे आईकडून उचलतात, तसाच तो प्रकार. लॉटेचे वेगळेपण एवढेच की, तिला सावल्यांच्या खेळाची विलक्षण ओढ होती. चीनमध्ये छायाबाहुल्यांचे खेळ होतात. आपल्याकडे कुडाळजवळच्या पिंगुळीचे ठाकर कलावंत चामड्याच्या बाहुल्यांच्या सावल्या पडद्यावर पाडून रामायण दाखवतात. तसले एक लहानसे छायानाट्यगृह या मुलीने घरच्या घरी उभारले. बाहुल्या तिनेच कापायच्या, तिनेच नाचवायच्या. शेक्सपियरची नाटकेही तिने त्यात लावली. प्रेक्षक म्हणजे घरचे लोक आणि मित्रमंडळी.

पुढे तिला चित्रपटाचे वेड लागले. १९१५ च्या सुमारास पॉल वेगेनर या प्रसिद्ध नटाचे एक व्याख्यान तिने ऐकले. चित्रपटाच्या कॅमेऱ्याने किती अद्भुत गोष्टी दाखवता येतील, निर्जीव वस्तूंना कसे चालवता येईल, हा त्या व्याख्यानाचा विषय होता. येथे मला आपल्या दादासाहेब फाळक्यांची आठवण होते. त्यांनी कुंडीत वाटाणा पेरून त्या रोपाची वाढ टप्प्याटप्प्याने टिपली होती, आणि जवळपास याच काळात आगकाड्यांना पडद्यावर नाचवून ‘आगकाड्यांची मौज’ नावाचा छोटा चित्रपट केला होता. त्यांच्या कामात सरस्वतीबाई बरोबरीने राबत, हे आपण जाणतोच. एकमेकांची वार्ता नसताना नाशिकला आणि बर्लिनला माणसे एकाच छंदाने झपाटलेली होती.

वेगेनर ज्या नाटकमंडळीत होते तेथे प्रवेश मिळावा म्हणून लॉटेने आईवडिलांची मनधरणी केली आणि माक्स राइनहार्ट यांच्या नाट्यशाळेत नाव घातले. मोठ्या नटांच्या गर्दीत या पोरीकडे कोण पाहणार? मग तिने आपली कात्री बाहेर काढली. रंगमंचाच्या मागे उभी राहून ती नटनट्यांच्या हुबेहूब छायाकृती कापू लागली. आपली छबी कोणाला आवडत नाही? नटमंडळी खूश झाली आणि वेगेनर यांचेही लक्ष गेले. त्यांनी आपल्या चित्रपटांतील लेखी पाट्यांसाठी तिच्याकडून आकृती कापून घेतल्या.

वेगेनर यांनी १९१८ साली हॅम्लिनच्या पुंगीवाल्याची गोष्ट पडद्यावर आणली. ही गोष्ट आपल्याकडच्या मुलांनाही पाठ असते. पुंगीवाल्यामागून उंदरांची रांग जायला हवी; पण खरे प्राणी दिग्दर्शकाचे थोडेच ऐकणार? शेवटी लाकडाचे उंदीर करावे लागले. एक उंदीर किंचित पुढे सरकवायचा, एक छायाचित्र घ्यायचे. पुन्हा सरकवायचा, पुन्हा घ्यायचे. हे कंटाळवाणे काम लॉटेकडे आले आणि ते तिने चोख केले. यालाच आता सारे ॲनिमेशन म्हणतात.

या कामामुळे बर्लिनच्या एका संशोधन संस्थेत तिला जागा मिळाली. १९१९ साली, वयाच्या विसाव्या वर्षी, तिने पहिला स्वतंत्र चित्रपट केला. दोन प्रेमिकांची आणि त्यांच्या मनाप्रमाणे आकार बदलणाऱ्या एका नक्षीची ती चिमुकली गोष्ट होती. याच संस्थेत कार्ल कॉख भेटले. १९२१ साली दोघांचा विवाह झाला. लॉटेबाईंनी आकृती कापाव्यात, हलवाव्यात, आणि कॉख यांनी कॅमेरा व तांत्रिक बाजू सांभाळावी, असा हा संसार चाळीस वर्षांहून अधिक चालला.

लॉटेबाईंच्या कामाची रीत कातरकामाची आवड असणाऱ्या भगिनींसाठी जरा तपशिलाने सांगते. त्या काळा पुठ्ठा आणि शिशाचा पातळ पत्रा वापरीत. शिशाच्या वजनाने आकृती सपाट पडून राहते, वाऱ्याने हलत नाही. डोके, मान, दंड, मनगट, कंबर, गुडघा असे सारे अवयव निरनिराळे कापून बारीक तारेने सांध्यांना जोडायचे. मग ती बाहुली काचेच्या टेबलावर निजवायची. काचेखालून दिव्याचा प्रकाश आणि वरून खाली पाहणारा कॅमेरा. डोंगर, राजवाडे, झाडी दाखवायला पातळ पारदर्शक कागदाचे थर. जितके थर अधिक तितका भाग गडद. बाहुलीचा हात केसभर हलवून एक छायाचित्र घ्यायचे. पडद्यावरच्या एका सेकंदासाठी अशी वीस-चोवीस छायाचित्रे लागत. राजकन्येने नुसते वळून पाहायचे झाले तरी दुपार निघून जायची!

कापताना कात्री धरलेला उजवा हात त्या जवळजवळ स्थिर ठेवीत आणि डाव्या हाताने कागद फिरवीत. हे वाचले तेव्हा मी चकितच झाले. माहेरी गणपतीच्या मखराची जाळी आम्ही घडी घालून कापत असू, तेव्हा माझी आत्या हेच शिकवी. कात्री फिरवू नये, कागद फिरवावा; म्हणजे वळण तुटत नाही. आपल्या वर्गातील मुलांना मी आजही हेच सांगते. हजारो मैलांवरच्या, वेगळ्या भाषेच्या दोन बाया. पण हातांनी एकच गोष्ट शोधून काढली होती.

१९२१-२२ या काळात लॉटेबाईंनी लोककथांवर आणि परीकथांवर छोटे चित्रपट करण्यास आरंभ केला. अँडरसनची उडत्या पेटीची गोष्ट, सिंड्रेला, झोपी गेलेली राजकन्या. या कथा जर्मन मुलांना आजीच्या तोंडून ठाऊक होत्या. ठाऊक असलेलीच गोष्ट पुन्हा का दाखवायची, असे कोणी म्हणेल. परंतु श्रावणात शुक्रवारची कहाणी आपण दरवर्षी ऐकतोच ना? शेवट माहीत असतो, तरी सांगणारी कोठे थांबते, कोठे आवाज चढवते, कोणाला जरा चिमटा काढते, यातच तिची गोडी. लॉटेबाईंनी कथेचा सांगाडा मोडला नाही. सिंड्रेलाला मदत करणारे पक्षी, आईच्या समाधीवरचे झाड, जोडा पायात बसावा म्हणून स्वतःचे पाऊल कापणारी सावत्र बहीण, हे सारे ग्रिम बंधूंच्या जुन्या कथेतले त्यांनी ठेवले. पण त्यात स्वतःची थट्टा मिसळली. रागाने फाटणारी सावत्र आई ही अशीच गंमत. कागद हे आपले साधन त्यांनी लपवले नाही, उलट त्यालाच विनोद करायला लावले.

मग आले १९२३ साल. जर्मनीत त्या वर्षी महागाईने कहर केला होता. सकाळची नोट संध्याकाळी कवडीमोल व्हायची. लुई हागेन नावाच्या एका धनिक बँकवाल्यांनी पैसा वाचवण्यासाठी कोऱ्या फिल्मचा मोठा साठा विकत घेऊन ठेवला होता. आता त्या साठ्याचे काय करावे? त्यांनी लॉटेबाईंना विचारले की, दहा मिनिटांचे छोटे चित्रपट करता, तसा पूर्ण लांबीचा एक का करीत नाही? असे धाडस तोवर युरोपात कोणी केलेले नव्हते. कार्टून म्हणजे लोकांना घटकाभर हसवायचे साधन अशी समजूत होती. तरीही पंचविशी न गाठलेल्या या बाईंनी होकार दिला.

पोट्सडाम येथे हागेन यांच्या घराजवळ मोटारीची गॅरेज होती. तिच्या माळ्यावर हे काम सुरू झाले. छप्पर इतके ठेंगणे की कॅमेरा वर बसवायचा तर काचेचे टेबल जमिनीलगत घ्यावे लागले. त्यामुळे लॉटेबाई एका मोडक्या मोटारीच्या गादीवर गुडघे टेकून काम करीत. अशी तीन वर्षे. मदतीला मोजकी माणसे, त्यांत वाल्टर रुटमन आणि बेर्टोल्ड बार्टोश हे पुढे नावारूपाला आलेले कलावंतही होते. सुमारे अडीच लाख छायाचित्रे काढली गेली आणि त्यांतील सुमारे ९६,००० प्रत्यक्ष चित्रपटात आली.

या काळातील एक प्रसंग मला फार जवळचा वाटतो. बाहेर लोकांची उपासमार चाललेली, राजकारण पेटलेले, आणि या मंडळींनी अरबी सुरस कथांतले राजपुत्र आणि पऱ्या घेऊन बसावे, याचे रुटमन यांना नवल वाटे. या सगळ्याचा १९२३ सालाशी संबंध काय, असे त्यांनी लॉटेबाईंना विचारले. संबंध काही नाही. मी आज जिवंत आहे, मला हे करण्याची संधी मिळाली आहे, म्हणून मी ते करते आहे, अशा अर्थाचे उत्तर लॉटेबाईंनी दिले. सभेत मला सुचायला हवे होते ते हेच, असे मला वाचताना वाटले.

चित्रपटाचे नाव होते ‘राजपुत्र अहमदची साहसे’. एक जादूगार खलिफासमोर उडता घोडा आणतो. राजपुत्र अहमद त्यावर बसून आकाशात जातो, पण खाली कसे उतरायचे हे त्याला ठाऊक नसते. येथून पुढे परी बानू, चीनचा बादशहा, अल्लादीन आणि त्याचा दिवा, असे सारे एकात एक गुंफत जाते. त्यातही लॉटेबाईंनी आपली खोडी केलीच. लोककथेत चेटकीण म्हणजे दुष्ट हे ठरलेले. येथे मात्र ज्वाळांच्या डोंगरावरची कुरूप, लठ्ठ चेटकीणच राजपुत्राच्या पाठीशी उभी राहते. ती आणि जादूगार सिंह, साप, कोंबडा, मासा अशी रूपे पालटीत झुंजतात आणि शेवटी चेटकीण जिंकते. देखण्या राजपुत्राहून मला तीच अधिक लक्षात राहिली. एक उणीवही सांगायला हवी. जादूगाराला आफ्रिकी दाखवून त्याला केलेले विद्रूप रूप, किंवा पूर्वेकडच्या देशांचे काल्पनिक चित्र, यात त्या काळच्या युरोपीय समजुतींचा दोष आहे. आज मुलांना हा चित्रपट दाखवताना एवढे समजावून सांगितले पाहिजे.

चित्रपट तयार झाला, पण चित्रपटगृहांचे मालक तो घेईनात. शेवटी २ मे १९२६ रोजी बर्लिनच्या एका मोठ्या नाट्यगृहात त्याचा पहिला खेळ करण्यात आला. त्याच वर्षी पॅरिसमध्ये तो दाखवला गेला आणि लोकांनी डोक्यावर घेतला. तेथेच ज्याँ रन्वार या थोर फ्रेंच दिग्दर्शकांशी या पतिपत्नीचे मैत्र जुळले. वॉल्ट डिस्ने यांची ‘स्नो व्हाइट’ आली १९३७ साली, म्हणजे अकरा वर्षांनंतर. अर्जेंटिनात याआधी लांबीची कार्टूने झाली होती, पण ती नष्ट झाली. त्यामुळे आज पाहता येतो असा पूर्ण लांबीचा सर्वांत जुना ॲनिमेशनपट म्हणजे लॉटेबाईंचा हा अहमद.

यानंतर सुखाचे दिवस यायला हवे होते. आले ते निराळेच. प्रथम बोलपट आला आणि मूकपट मागे पडले. १९३३ साली हिटलरची सत्ता आली. लॉटेबाईंचे कितीतरी स्नेही ज्यू होते. त्या राजवटीत राहणे या दोघांना नकोसे झाले आणि त्यांनी देश सोडण्याचे ठरवले. पण जायचे कोठे? कायमचे राहण्याची परवानगी कोणीही देईना. इंग्लंडमध्ये काही महिने, परवान्याची मुदत संपली की फ्रान्स, मग आणखी कोठे, असे वर्षानुवर्षे चालले. कधी पती एका देशात तर पत्नी दुसऱ्या. मोठ्या यंत्रांवर ज्यांची कला अवलंबून त्यांचे अशा वेळी हातच बांधले जातात. लॉटेबाईंची कला कात्रीतली. ती बिऱ्हाडाबरोबर कोठेही जाऊ शकली. या भटकंतीतही त्या चित्रपट करीत राहिल्या. १९३८ साली रन्वार यांच्या फ्रेंच राज्यक्रांतीवरील चित्रपटात छायानाट्याचा एक प्रसंग आहे, तो त्यांनी केलेला.

युद्ध पेटल्यावर दोघे रोमला होती आणि लुकिनो व्हिस्कोंती या दिग्दर्शकांकडे त्यांना आसरा मिळाला होता. परंतु १९४४ च्या सुमारास लॉटेबाई बर्लिनला परतल्या. आई आजारी होती, म्हातारी झाली होती. ज्या राजवटीला कंटाळून देश सोडला, तिच्याच राजधानीत, बाँबवर्षावात, आईसाठी त्या परत आल्या. तेथे सरकारी देखरेखीखाली त्यांना ‘सोनेरी हंसी’ या लोककथेवर काम करावे लागले. ते काम अपुरेच राहिले. त्यांनी तेव्हा काय करायला हवे होते याचा निवाडा येथे बसून मी करणार नाही. आजारी आईच्या उशाशी बसण्याची पाळी आपल्यापैकी पुष्कळजणींवर आलेली आहे. त्या युद्धातच अहमदच्या चित्रपटाची मूळ प्रत नष्ट झाली. इंग्लंडमध्ये एक प्रत जपली गेली होती, म्हणून पुढे १९९० नंतरच्या दशकात तो चित्रपट पुन्हा नीट करता आला.

१९४९ साली हे जोडपे लंडनला आले. वयाची पन्नाशी, परका देश, हातात फारसे काही नाही. तेथे एक जुनी ओळख उभी राहिली. गॅरेजच्या माळ्यावर ज्यांनी जागा दिली होती त्या हागेन यांचा मुलगा आता लंडनमध्ये होता. लहानपणी त्याने ते काम चाललेले पाहिले होते. पुढे कोवळ्या वयात नाझींच्या छळछावणीत दिवस काढून तो इंग्लंडला आला होता. त्याच्यासह १९५३ साली ‘प्रिमरोज प्रॉडक्शन्स’ ही संस्था निघाली. दूरचित्रवाणी तेव्हा नुकती घरोघर शिरत होती आणि मुलांसाठी गोष्टी हव्या होत्या. दोन-तीन वर्षांत लॉटेबाईंनी डझनभराहून अधिक छोटे चित्रपट केले. बेडूक राजपुत्र, थंबेलिना, हॅन्सेल आणि ग्रेटेल, बुटातले मांजर, टोळ आणि मुंगी. सिंड्रेला आणि झोपी गेलेली राजकन्या यांच्या गोष्टी तर त्यांनी तीस वर्षांनी पुन्हा नव्याने कापल्या. ‘शूर शिंपी’ या चित्रपटाला १९५५ साली व्हेनिसच्या महोत्सवात पारितोषिक मिळाले. हे चित्रपट दहा-दहा मिनिटांचे असतात. आता आवाज आहे, निवेदन आहे. पण रीत तीच, काळा पुठ्ठा, तारेचे सांधे, काचेचे टेबल.

१९६३ साली कार्ल कॉख वारले आणि लॉटेबाईंनी चित्रपटाचे काम थांबवले. एकीने हलवायचे आणि दुसऱ्याने टिपायचे, अशी जन्माची सवय. कॅमेऱ्यामागची जागाच रिकामी झाली. सुमारे दहा वर्षे त्यांनी चित्रपट केला नाही. तरी कात्री सुटली नाही. या काळात त्यांनी छायानाट्य आणि छायाचित्रपट या विषयावर एक पुस्तक लिहिले, ते १९७० साली प्रसिद्ध झाले. जर्मनीलाही हळूहळू त्यांची आठवण झाली. १९७२ साली त्यांना चित्रपटक्षेत्रातील मोठा सन्मान मिळाला. त्यानंतर कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळाने त्यांना बोलावले आणि पंचाहत्तरीच्या सुमारास त्यांनी पुन्हा काचेच्या टेबलापाशी बसून एका मध्ययुगीन फ्रेंच प्रेमकथेवर चित्रपट केला. अखेरचे दिवस त्यांनी ट्युबिंगेनजवळच्या डेटेनहाउझेन या गावी एका स्नेही कुटुंबाच्या सोबतीने काढले. १९ जून १९८१ रोजी, वयाच्या ब्याऐंशीव्या वर्षी, त्या निवर्तल्या. त्यांच्या हातच्या आकृती ट्युबिंगेनच्या संग्रहालयात जपून ठेवल्या आहेत.

लॉटेबाईंनी पैसा फारसा मिळवला असे दिसत नाही. नावही डिस्नेसारखे घरोघर झाले नाही. मग त्यांच्या कागद कापण्यातून काय निष्पन्न झाले, असे विचारले तर मी इतकेच सांगेन की, शंभर वर्षांपूर्वी कापलेली एक कागदी बाई परवा माझ्या घरात आली आणि तिने एका आजीला व नातीला एकत्र बसवून हसवले. नात त्यानंतर माझ्याकडे कात्री मागायला आली. पहिल्या दिवशी तिने तीन कागद फुकट घालवले. चौथ्यातून उतरला तो वाकडा, पण ओळखू येणारा एक कावळा. तिने त्याच्यासाठी चिमणीही कापली, मेणाचे आणि शेणाचे अशी दोन घरे कापली, दिव्यासमोर पडदा म्हणून माझी जुनी साडी बांधली आणि शेजारच्या पोरांना जमवून खेळ केला. तिच्या गोष्टीत पावसात घर वाहून गेल्यावर दार ठोठावणारा कावळा चिमणीच्या बाळाला आंघोळ घालू लागतो. अशी गोष्ट मी तिला कधी सांगितली नव्हती.

तेव्हा भगिनींनो, पुढच्या सभेत माझे म्हणणे मी मांडणार आहे, ते आताच लिहून ठेवते. वर्ग आणखी एक वर्ष चालू द्यावा. कागद मी माझ्या खर्चाने आणीन. वर्षाअखेर वर्धापनदिनाला मुलांनी कापलेल्या आकृतींचा एक सावल्यांचा खेळ सभागृहात करू. पाहून मग काय ते ठरवावे. ज्यांच्या घरी जुन्या, बोथट कात्र्या पडून असतील त्यांनी त्या धार लावायला माझ्याकडे द्याव्यात. आणि ज्यांना लहानपणी मखराची जाळी कापता येत होती, पण संसाराच्या धबडग्यात जी राहून गेली, त्यांनीही रविवारी दुपारी चार वाजता मंडळाच्या खोलीवर यावे. मुलांच्या शेजारी जागा पुष्कळ आहे.

मंडळाची उत्तरोत्तर भरभराट होवो, ही सदिच्छा.